पेणहून रोह्यास : एका जुन्या चित्रफितीच्या निमित्तानें

कोंकणांत जावयाचें म्हटलें म्हणजे पुण्यामुंबईच्या माणसाच्या डोळ्यांपुढें रत्नागिरी, मालवण किंवा त्याहूनही दक्षिणेचा मुलूख उभा राहतो. पेण आणि रोहें हीं गांवें वाटेवर लागतात एवढाच त्यांचा मान. पेणला गाडी थांबवून पोह्याच्या पापडांचीं पुडकीं घ्यावीं, रोह्याचें नांव स्टेशनच्या पाटीवर वाचावें आणि पुढें चालावें, असा बहुतेकांचा रिवाज. आमचें मूळ घर पेणचें असूनही आम्ही त्यास फारसे अपवाद नव्हतों. परंतु गेल्या वर्षीं श्रावणाच्या अखेरीस पेण ते रोहें एवढा लहानसा प्रवास आम्हांस घडला, आणि त्या दोन दिवसांत जें पाहिलें व ऐकलें तें घरोघरच्या वाचकांच्या कांहीं उपयोगी पडेल असें वाटल्यावरून येथें लिहीत आहों.

प्रवासाचें निमित्त एका पत्र्याच्या डब्याचें. आमच्या थोरल्या काकांना छायाचित्रांचा मोठा नाद होता. मुंबईस नोकरीवर असतां त्यांनीं एका स्नेह्याकडून आठ मिलिमीटरचा, चलच्चित्रें घेण्याचा लहानसा कॅमेरा विकत घेतला, आणि सुटींत पेणला आले म्हणजे तो डोळ्यास लावून ते गांवभर हिंडत. काकांना मूलबाळ नव्हतें. त्यांच्या पश्चात् तो डबा माळ्यावर गेला आणि मोडके पाट, गळके हंडे व जुनीं पंचांगें यांच्या संगतींत पुष्कळ वर्षें पडून राहिला. घराचीं कौलें उतरून डागडुजी करण्याचें ठरलें तेव्हां तो खालीं आला. आमच्या सौभाग्यवतींनीं झांकण उघडलें तों आंत सहा रिळें आणि सगळ्या खोलींत आंबूस वास. "यांत कोणीं लोणचें घालून ठेवलें होतें कीं काय?" असें त्यांनीं विचारलें. घरांत त्यावर हंशा पिकला. परंतु आमच्या भाच्यास हें कळलें तेव्हां तो हंसला नाहीं. "मामा, डबा उघडाच ठेवा, पण रिळांना हात लावूं नका आणि जुन्या यंत्रावर चालवून पाहण्याचा मोह तर मुळींच धरूं नका. मी येतों," असें त्यानें दूरध्वनीवरून बजावलें.

या भाच्याचा धंदा मोठा चमत्कारिक आहे. त्यास आपल्या भाषेंत अजून रूढ नांव नाहीं. आम्ही आपलें त्यास चित्रशोधक म्हणतों. आज एखादा मनुष्य पूर्वींच्या काळावर, एखाद्या थोर पुरुषावर, एखाद्या संपावर किंवा महापुरावर चित्रपट काढूं लागला म्हणजे त्यास त्या काळीं घेतलेलीं हलतीं चित्रें हवीं असतात. तीं सरकारी संग्रहांत असतात, जुन्या वार्तापटांत असतात, गिरण्यांच्या आणि कंपन्यांच्या कोठारांत असतात, आणि पुष्कळदां तुमच्या आमच्या माळ्यावर असतात. तीं हुडकून काढणें, तीं कोणाचीं व कधींचीं हें ठरवणें, मूळ प्रत कोणती आणि नकलेची नक्कल कोणती हें ओळखणें, हक्क कोणाचा आहे तें पाहून त्याची परवानगी मिळवणें, आणि मग सेकंदाच्या हिशेबानें किंमत ठरवणें, हें सारें या माणसाचें काम. चित्रपट पाहून आपण दिग्दर्शकास वाखाणतों. शेवटीं भरभर सरकणाऱ्या नांवांत याचें नांव असतें, पण तोंपर्यंत आपण खुर्चीवरून उठलेलों असतों.

भाचा ठरल्या दिवशीं आम्हांस पनवेलीस भेटला आणि आम्ही तिघें गाडीनें पेणला निघालों. आपटें, जितें, हमरापूर अशीं स्टेशनें मागें पडूं लागलीं कीं दोहों बाजूंस भाताचीं हिरवीं खाचरें दिसतात आणि पलीकडे ढगांत बुडालेले डोंगर. हमरापुरापासूनच गणपतीच्या कारखान्यांचा मुलूख सुरू होतो. पेणच्या आळ्यांतून त्या दिवसांत हिंडावें. ओटीवर, पडवींत, अंगणांतल्या मांडवांत, जेथें पाहावें तेथें मूर्तींच्या रांगा. परदेशीं जावयाच्या मूर्ति केव्हांच्याच गेलेल्या. आतां मुंबईपुण्याच्या मागणीची घाई. कोणी शाडूचा हात सांध्यास जोडीत आहे, कोणी पितांबरास रंग देत आहे. परंतु सर्वांत अवघड काम डोळ्यांच्या आखणीचें, आणि तें घरांतल्या जाणत्या कारागिराकडेच असतें. आम्ही एका कारखान्यांत उभे असतां एक वृद्ध गृहस्थ श्वास रोखून बुबुळाची रेघ ओढीत होते. ती पुरी झाल्यावरच त्यांनीं मान वर करून "या, बसा" म्हटलें. भाचा त्यांचा हात टक लावून पाहत होता.

घरीं गेल्यावर त्यानें पांढरे हातमोजे घातले, एक एक रीळ उजेडासमोर धरलें आणि दोन वेगळीं काढलीं. आंबूस वासाचा उलगडा त्यानें असा केला. या फिती सेल्युलोज ॲसिटेटच्या असतात. दमट आणि उष्ण हवेंत त्यांतून सिरक्याचें आम्ल सुटूं लागतें, फीत आक्रसते, वांकडी होते, शेवटीं ठिसूळ होऊन तुटते. आणि एका रिळाची ही व्याधि बंद डब्यांत शेजारच्या रिळासही लवकर जडते. कोंकणची हवा आणि कौलाखालचा माळा हीं दोन्हीं तिला पोषकच. त्याहून जुन्या, साधारणपणें १९५० पूर्वींच्या मोठ्या चित्रपटांच्या फिती नायट्रेटच्या असत, आणि त्या तर दारूसारख्या पेट घेत. पुण्यास जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारांत ८ जानेवारी २००३ रोजीं लागलेल्या आगींत अशा शेंकडों फिती जळून गेल्या.

आमच्या सहा रिळांपैकीं चार त्यानें आधींच मुंबईस नेऊन त्यांतील चित्र न् चित्र संगणकावर उतरवून घेतलें होतें. असलें एक रीळ पन्नास फुटांचें. चालतें अवघें चार मिनिटें. आवाज नाहीं, पण रंग अजून टवटवीत. बाजारपेठ दिसली, भोगावती नदीचें पात्र दिसलें, डोक्यावरून गणपति घेऊन जाणारे लोक दिसले, आणि निशाणें घेऊन ओरडत जाणारी मुलांची एक लांबलचक फेरी दिसली. या फेरीनेंच भाच्यास अडचणींत घातलें होतें. ती चित्रें पाहून एका चित्रपटवाल्या मंडळीस मोठा हर्ष झाला. त्यांस १९४२ च्या चळवळीवरील चित्रपटासाठीं असेंच कांहीं हवें होतें. कोंकणांतलें गांव, निशाणें, घोषणा देणारीं मुलें! रंग काढून टाकले कीं काम झालें, असें त्यांचें म्हणणें.

"आणि तें ४२ सालचें नसेलच कशावरून?" आम्ही विचारलें. भाच्यानें फितीची कड दाखवली. कोडॅक कंपनी फितीच्या कडेवर वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा बारीक खुणा छापीत असे, व त्यांवरून फीत कोणत्या वर्षीं तयार झाली तें कळतें. परंतु त्याच खुणा दर वीस वर्षांनीं पुन्हा येत. आमच्या फितीवरील खूण १९४२ चीही होती आणि १९६२ चीही. निशाणावर चरखा आहे कीं अशोकचक्र, तें पाहावें, तर निशाणें वाऱ्यावर फडफडत असलेलीं आणि चित्र इतकें बारीक कीं मध्यें नुसता एक ठिपका. चित्रपटवाले म्हणूं लागले कीं, संशयाचा फायदा आम्हांस द्या. भाच्यानें तीं चार मिनिटें एक एक चित्र थांबवून तीन दिवस पाहिलीं. अखेर फेरीच्या मागें एका दुकानाच्या दारांत टांगलेली पाटी सांपडली. तिच्यावर कसल्याशा जिनसेचा भाव लिहिला होता आणि आंकड्यापुढें दोन अक्षरें होतीं : न. पै.

ज्यांनीं तो काळ पाहिला आहे त्यांस अधिक सांगणें नको. आणे गेले आणि दशमान नाणें आलें तें १ एप्रिल १९५७ रोजीं. त्या नव्या पैशाच्या नांवांतला 'नवा' हा शब्द सरकारनें १ जून १९६४ पासून काढून टाकला. तेव्हां ही फेरी स्वातंत्र्यासाठीं लाठ्या खाणाऱ्यांची नसून, स्वातंत्र्यानंतर पंधरा वर्षांनीं १५ ऑगस्टला पेढ्यासाठीं शाळेंत निघालेल्या मुलांची होती. भाच्यानें तसें लिहून कळवलें आणि चित्र देण्याचें नाकारलें. तें काम हातचें गेलें, त्याबरोबर पुढचीं दोन कामेंही गेलीं. "लोक एकदां पडद्यावर ४२ साल म्हणून पाहतील, मग दुसरा चित्रपटवाला त्यांतून उचलील, मग शाळेच्या पुस्तकांत येईल. मग खरें सांगणाऱ्यालाच लोक खोटा म्हणतील, मामा," एवढेंच तो म्हणाला.

दुपारीं गागोद्यास जाऊन आलों. पेण तालुक्यांतल्या डोंगरांच्या कुशींत असलेल्या या खेड्यांत ११ सप्टेंबर १८९५ रोजीं विनायक नरहरि भावे, म्हणजे विनोबा, यांचा जन्म झाला. तेथें उभे असतां भाच्यानें एक गोष्ट सांगितली ती आमच्या ध्यानीं कधीं आली नव्हती. विनोबा साडेतीन महिन्यांचे असतांना, २८ डिसेंबर १८९५ रोजीं, पॅरिस येथें ल्युमिए बंधूंनीं पैसे घेऊन लोकांस पहिलीं हलतीं चित्रें दाखवलीं. आणि ७ जुलै १८९६ रोजीं तीं मुंबईच्या वॉटसन हॉटेलांत दिसलीं. म्हणजे विनोबा आणि सिनेमा हे एकाच वयाचे. परंतु ज्या विनोबांना आपण पडद्यावर पाहतों ते भूदानाचे, १८ एप्रिल १९५१ रोजीं पोचमपल्लीस पहिलें दान मिळाल्यानंतर गांवोगांव चालणारे वृद्ध विनोबा. गागोद्याचा विन्या कोणत्याही फितींत नाहीं. त्याच्यासाठीं चित्रपटवाल्यानें हे डोंगर दाखवावे आणि स्वस्थ बसावें. दुसराच कोणी मुलगा पाटीदप्तर देऊन उभा करावयाचा असेल तर तो उभा केलेला आहे हें प्रेक्षकांस कळूं द्यावें.

या मुलखाचीं जुनीं चित्रें हुडकण्यांत आणखी एक गंमत आहे. जिल्ह्याचें नांव १ जानेवारी १९८१ पर्यंत कुलाबा होतें, मग रायगड झालें. रायगड म्हणून शोधलें तर जुनें कांहीं मिळत नाहीं. कुलाबा म्हणून इंग्रजी याद्या चाळाव्या तर मुंबईच्या कुलाब्याची दांडी आणि तेथील पलटणी डोळ्यांपुढें येतात. आणि पेण हें नांव इंग्रजींत लिहिलें म्हणजे त्याची लेखणी होते. तेव्हां गणपतीचें गांव पाहावयास जावें तों शाईच्या दौती भेटतात. गांवाची ओळख असलेल्या माणसावांचून नुसत्या यंत्रानें हा घोळ सुटत नाहीं.

दुसऱ्या दिवशीं सकाळीं आम्ही रोह्याची गाडी धरली. कासू, नागोठणें, निडी एवढींच मधलीं स्टेशनें. गाडींत गर्दी बेताची असल्यानें भाच्याच्या गोष्टींस भर आला. १९२७ सालीं रशियांत एस्फिर शुब नांवाच्या बाईनें तळघरांत कुजत पडलेल्या फिती धुंडाळल्या, आणि झारनें हौसेनें काढवून घेतलेल्या चित्रांतूनच त्याच्या राजघराण्याच्या पतनाचा चित्रपट जुळवला. या विद्येच्या आद्य पुरस्कर्त्यांत तिची गणना होते. आपल्याकडे विठ्ठलभाई झवेरी यांनीं ठिकठिकाणचीं चित्रें मिळवून १९६८ सालीं महात्मा गांधींवर साडेपांच तासांचा चित्रपट सिद्ध केला. २०१८ सालीं पीटर जॅक्सन यांनीं पहिल्या महायुद्धाचीं मुकीं चित्रें घेऊन चित्रपट केला, तेव्हां सैनिक काय बोलत आहेत तें ओठांवरून वाचणारे जाणकार बोलावले. आणि आनंद पटवर्धन यांनीं २०२३ मध्यें आपल्या वृद्ध आईवडिलांच्या, घरांतच घेतलेल्या चित्रांतून स्वातंत्र्यलढ्याच्या पिढीची कथा सांगितली. घरगुती चित्रांची योग्यता काय असते याचें तें चांगलें उदाहरण आहे.

जें हरवलें त्याची यादी याहून लांब. रँग्लर परांजपे केंब्रिजहून परत आले तेव्हां, १९०१ सालीं, चौपाटीवर त्यांचें स्वागत झालें. तें सावेदादा भाटवडेकर यांनीं कॅमेऱ्यांत धरलें, आणि आपल्या देशांतलें तें पहिलें वार्ताचित्र म्हणून त्याचा उल्लेख होतो. आज तें कोठेंही नाहीं. १९३१ चा पहिला बोलपट 'आलम आरा' नाहीं. फितींतली चांदी काढून घेण्यासाठीं कित्येक चित्रपट आटवले गेले. फाळक्यांच्या चित्रांचे जे तुकडे उरले ते पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयांत आहेत. १९६४ सालीं स्थापन झालेल्या या संस्थेसाठीं पी. के. नायर यांनीं गांवोगांव फिरून, फाळक्यांच्या कुटुंबीयांपर्यंत जाऊन ते मिळवले. 'राजा हरिश्चंद्रा'चीं जीं रिळें आज आपण पाहतों तीं १९१३ चीं नसून फाळक्यांनीं १९१७ मध्यें पुन्हा काढलेल्या चित्राचीं आहेत, असें कित्येक अभ्यासकांचें मत आहे. एवढ्या वंद्य चित्राविषयींसुद्धां कोणी तरी तारीख तपासून पाहतो, हें ऐकून आम्हांस समाधान वाटलें.

बोलतां बोलतां रोहें आलें. कोंकण रेल्वेची ७४१ किलोमीटरांची वाट येथूनच सुरू होते. गांव कुंडलिका नदीच्या कांठीं वसलेलें. ग्रामदैवत धावीर महाराज. त्यांची पालखी निघते तेव्हां पोलीस मानवंदना देतात, हें रोहेकर अभिमानानें सांगतात. चिंतामणराव देशमुखांचें बालपण येथलें. नातें या गांवीं १४ जानेवारी १८९६ रोजीं ते जन्मले. विनोबांहून चार महिन्यांनीं लहान. रिझर्व्ह बँकेचे पहिले हिंदी गव्हर्नर, पुढें अर्थमंत्री, आणि मुंबईच्या प्रश्नावर मंत्रिपद सोडणारा संस्कृतज्ञ. पांडुरंगशास्त्री आठवले यांचा जन्मही रोह्याचाच, १९ ऑक्टोबर १९२० चा. त्यांची प्रवचनें चित्रफितींवर उतरलीं आणि ठिकठिकाणच्या केंद्रांतून लोकांनीं तीं बसून ऐकलीं. पंचवीस वर्षांच्या अंतरानें, थोडक्या मुलखांत जन्मलेलीं हीं माणसें. एकाचें बोलणें तासच्या तास पाहावयास मिळतें, दुसऱ्याचें बालपण कोणाही कॅमेऱ्यास दिसलें नाहीं.

रोह्यास आमची आत्या राहते. वय अठ्ठ्याऐंशी, कान मंद झाले, दृष्टि शाबूत. त्या चित्रांतलीं माणसें ओळखणारी आमच्या घराण्यांत तीच काय ती उरली आहे. भाच्यानें संगणक तिच्यापुढें ठेवला. सुरुवातीस ती संकोचली. मग नांवांची सरच लागली. हा अमक्याचा बाप, ही शेजारची, हा पुढें पोहतांना बुडाला, या मुलीला मुंबईस दिली. सौभाग्यवती वहींत लिहीत होत्या. एका चित्रापाशीं मात्र आत्या थांबली आणि म्हणाली, "मागें घे रे."

मागल्या दारीं एक वृद्ध स्त्री उभी होती. तांबडें आलवण, डोकीवरून पदर, हातांत तांब्या. कॅमेरा दिसतांच तिनें पदर तोंडावर ओढला आणि ती आंत गेली. सारें तीन सेकंदांचें. आम्हीं हें दहा वेळां पाहिलें होतें आणि ती शेजारची कोणी सोंवळी बाई असावी असें ठरवून मोकळे झालों होतों.

"ही माई," आत्या म्हणाली.

माई म्हणजे आमच्या आजोबांची बहीण. नवव्या वर्षीं लग्न, अकराव्या वर्षीं वैधव्य. पुढचें सारें आयुष्य भावाच्या घरीं. आमच्या वडिलांना, काकांना आणि आत्येला तिनेंच वाढवलें. आमच्याकडे आजोबांचें तैलचित्र आहे, आजीचें छायाचित्र आहे. माईचें कांहींही नाहीं. ती कशी दिसत होती हें आम्हांस ठाऊक नव्हतें, आणि ठाऊक नाहीं याचें वैषम्यही आम्हांस आजवर वाटलें नव्हतें. आत्येनें पडद्यावर बोट ठेवलें आणि पुष्कळ वेळ ती कांहीं बोलली नाहीं.

भाच्याकडे आतां दुसऱ्या एका चित्रपटाची मागणी आली होती. तो जुन्या काळच्या विधवांच्या जिण्यावर होता, आणि असें रंगीत, खरें चित्र मिळणें दुर्मिळ. त्यानें तें आत्येपासून लपवलें नाहीं. चित्रपट चांगला आहे, करणारी बाई मनापासून करीत आहे, हेंही सांगितलें. सौभाग्यवतींचें मत द्यावें असें पडलें. माईसारख्या हजारो स्त्रियांचें दुःख कोणीं पाहिलें नाहीं, तें निदान आतां तरी लोकांनीं पाहावें, हें त्यांचें म्हणणें आम्हांसही पटलें.

आत्या म्हणाली, "तिनें पदर कां ओढला तें दिसलें ना तुम्हांला? भाऊनें तिला न विचारतां काढलें तें. त्या दिवशीं ती जेवली नव्हती. तिची गोष्ट सांगा, मी सांगतें ती लिहून घ्या, नांवही घाला. पण हें दाखवूं नका."

यावर वाद झाला नाहीं. भाच्यानें आपल्या कागदावर त्या तीन सेकंदांपुढें माईचें नांव, गांव, साल आणि 'देऊं नये' असे शब्द लिहिले. परतीच्या गाडींत आम्हीं त्यास विचारलें कीं, शोधून काढलेलें असें झांकून ठेवतांना जिवावर येत नाहीं काय? तो म्हणाला, "येतें. पण घरच्या माणसानें नाहीं म्हटल्यावर माझा हक्क संपला. कायद्यानें चित्रपटाचा हक्क प्रसिद्धीनंतर साठ वर्षें चालतो. हें चित्र तर कधीं प्रसिद्धच झालें नाहीं." बाकीचीं चित्रें नांवांनिशीं संग्रहास द्यावयाचीं आम्हीं ठरवलें आहे. माईची कथा त्या बाईंना आत्येच्या तोंडून ऐकावयास मिळाली. त्यांनीं ती ध्वनिमुद्रित करून घेतली.

वाचकांस आमची एवढीच विनंति आहे. आपल्या माळ्यावर असा एखादा डबा असेल तर तो या गौरीगणपतींत खालीं काढावा. आंबूस वास आला तर तीं रिळें इतरांपासून वेगळीं ठेवावीं. कोरड्या, थंड जागीं ठेवावीं. घरच्या यंत्रावर चालवूं नयेत. छायाचित्रांच्या पाठीवर मऊ पेन्सिलीनें नांव, गांव आणि साल लिहावें. आणि हें काम आधीं, आजच करावें : घरांतल्या सर्वांत वृद्ध माणसापाशीं बसून, कोण कोण आहे तें विचारून घ्यावें. रिळें आणखी दहा वर्षें टिकवतां येतील.

आम्ही रोह्याहून निघालों तेव्हां आत्या ओटीवर आली होती. गाडींत बसल्यावर सौभाग्यवतींनीं वही उघडून मोजलीं. एका दुपारींत त्रेचाळीस माणसांचीं नांवें मिळालीं होतीं. पांच चेहरे आत्येलाही ओळखतां आले नाहींत. त्यांच्यापुढें जागा कोरी सोडली आहे.